थांबा महिन्यातलं लग्न

२०२३ साल. मी एकाहत्तर वर्षांचा होतो. त्या वर्षी श्रावण दोनदा आला, आधी अधिक आणि मागून खरा. त्या अधिकातच मी एका आख्ख्या जगाचं कॅलेंडर केलं. आपल्या जगाचं नाही, दुसऱ्याच एका. ज्याच्या आभाळात दोन चंद्र आहेत, त्या जगाचं. ज्यांना हसायचं असेल त्यांनी आत्ताच हसून घ्यावं, म्हणजे पुढचं नीट वाचता येईल.

माझं शिक्षण तिसरी. चौथीच्या वर्गात माझं नाव होतं, मी नव्हतो. पण मार्केट यार्डात फुलांचा गाळा मी स्वतः उभा केला आणि स्वतः चालवला, आणि माझ्या तोंडावर मला शेठ म्हणणारे लोक माझ्या पाठीमागेही शेठच म्हणायचे. हे सांगून ठेवतो, कारण पुढे एक-दोन ठिकाणी माझी फजिती आहे आणि तेवढ्यावरून कोणी माझं माप काढू नये.

आम्ही वारज्याला राहतो. मुलगा, सून, नात आणि मी. नात हिंजवडीला कंपनीत आहे. आठवडाभर तिचा रिकामा डबाच काय तो घरात दिसतो. रविवारी मात्र ती घरी असते आणि तिच्या कंपनीतली चार-पाच पोरंपोरी आमच्या जेवणाच्या टेबलाभोवती जमतात. एक खेळ खेळतात. पत्ते नाहीत, पट नाही. फासे असतात, पण ते आपल्या फाशांसारखे चौकोनी नाहीत, कसले कसले कोनाकोनांचे. एकाने गोष्ट सांगायची, बाकीच्यांनी त्या गोष्टीतला एकेक माणूस व्हायचं आणि आपण काय करणार ते बोलायचं. फासा पडेल तसं ते जमतं किंवा फसतं. गोष्ट सांगणारी माझी नात. ते जग तिनेच रचलेलं. डोंगर तिचे, राजे तिचे, समुद्र तिचा. सोंग न चढवता केलेलं नाटक म्हणा. मी गॅलरीत पेपर धरून बसायचो आणि पेपरातलं एक अक्षर वाचायचो नाही.

अधिकातल्या एका रविवारी टेबलावर भांडण लागलं. त्यांच्यातला एक मुलगा नागपूरकडचा आहे, उंच, सदा भुकेला. गोष्टीत तो एक फिरस्ता लढवय्या. समुद्राकाठच्या गावातल्या एका मुलीला शब्द देऊन निघालेला, दोन महिन्यांत येतो आणि लग्न करतो म्हणून. रविवारमागून रविवार तो बिचारा दऱ्या ओलांडत, राक्षस मारत परत निघाला होता.

"पण मी वेळेत पोहोचलो का नाही ते तर सांग नं!" तो ओरडला. "किती दिवस झाले?"

"झाले असतील बरेच," नात म्हणाली.

"बरेच म्हणजे? महिना किती दिवसांचा असते तिथं?"

"ते मी ठरवलंच नाहीये अजून. दोन मून आहेत ना, सगळा घोळ होतो. राहूनच गेलं."

मला राहवलं नाही. पेपर बाजूला ठेवला आणि गॅलरीतून म्हणालो, "लग्नं ठरवता आणि पंचांग नाही? तुमच्या त्या जगात भटजी काय अंदाजाने उभा राहतो?"

सगळे हसले. नातीला आला राग. "एवढं आहे ना आबा, तर तूच कर. पुढच्या रविवारपर्यंत."

"करीन की."

"खरंच करा आबा," चष्मेवाली एक मुलगी होती ती म्हणाली. "आवडलं तर कायमचं घेऊ आम्ही."

मग मला त्यांचा कायदा कळला. टेबलावर बसलेल्या सगळ्यांनी हात वर केला की ती गोष्ट त्या जगात खरी झाली. नंतर कोणालाही ती पुसता येत नाही, सांगणारीलासुद्धा नाही. पण एकाने जरी हात खाली ठेवला तर गेलं.

"माझ्यामागे बदलणार नाही ना?" मी दोनदा विचारलं.

"आबा, टेबलावर ठरलं म्हणजे ठरलं."

झालं. त्या क्षणापासून माझं अंगच गरम झालं. तुम्हाला वाटेल, म्हाताऱ्याला पोरखेळाचं काय एवढं. सांगतो. फुलाचा धंदा म्हणजे तारखांचा धंदा. दसऱ्याच्या आदल्या दिवशी झेंडूला जी किंमत, ती दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी गाईसुद्धा देत नाहीत. अधिक आला की सगळे सण लांबतात, लावणी लांबवावी लागते, आणि ज्याने ते लक्षात ठेवलं नाही त्याचे ढीग मी रस्त्यावर ओतलेले पाहिलेत. आयुष्यभर मी कोणीतरी छापलेल्या तारखांच्या मागे टेम्पो घेऊन धावलो. आता एक जग असं होतं की जिथे तारखा मी टाकणार आणि लोक माझ्यामागे धावणार. राजे, राक्षस, सगळे. त्या टेबलावर सगळे हात वर गेले पाहिजेत, बस. मला दुसरं काही नको होतं.

सोमवारपासून कामाला लागलो. माझी लेक आणि जावई अधिकाच्या जेवणाला येणार म्हणून सूनबाईने अनारशांसाठी तांदूळ भिजत घातले होते आणि ओट्यावर पसारा होता. त्यातूनच मी पुरणाची चाळण उचलली, तो थोरला चंद्र. एक वाटी घेतली, तो धाकटा. मधे पाण्याचं पिंप म्हणजे पृथ्वी. चाळण हळू फिरवायची, वाटी भराभर.

"बाबा, चाळण कुठाय माझी?"

"पौर्णिमेला आली आहे. जरा थांब."

"पौर्णिमा होऊ दे, मला तांदूळ निथळायचेत!"

माहिती मिळायची ती फक्त सकाळी, कंपनीची बस यायच्या आधी. मी नातीबरोबर कोपऱ्यापर्यंत चालत जायचो आणि प्रश्न विचारायचो. थंडी किती? डोंगरावर बर्फ पडतो का? फुलं कोणती? रांगेतली पोरं कानातलं काढून ऐकायला लागली. एकदा बस आली, ती चढली, दार लागायच्या बेतात होतं.

"पाऊस किती महिने?" मी खालून ओरडलो.

"तीन धर!"

"आणि समुद्र? भरती?"

"ती धाकट्याने येते! छोट्या मूनने!"

बस गेली. पावसाचे तीन महिने मी घरी जाईपर्यंत तोंडाने घोकत गेलो. समुद्राचं मात्र सोडून दिलं. पुण्यात समुद्र नाही, आणि मार्केट यार्डात भरती-ओहोटीने माल येत नाही.

महिन्यांना नावं मी फुलांची दिली. त्या जगात झेंडू, शेवंती काही नाही, नातीने सगळी फुलंच वेगळी लावून ठेवलेली. एक वेल अंधारात चमकतो, त्याचं नाव मी काजवेल ठेवलं. तो फुलतो तो महिना काजवेल. जळक्या डोंगरावर पावसानंतर करड्या रंगाचं एक फूल उगवतं, तो महिना राखफूल. खारट मातीतल्या कळीची मीठकळी. नावं सुचत होती तशी मी मोठ्याने म्हणत होतो आणि सून स्वयंपाकघरातून बघत होती की ह्यांना ताप तर नाही ना. आठवड्याचे वारही मीच ठेवले. त्यात सोमवार ठेवला नाही. हिंजवडीला जाणाऱ्या पोरीसाठी तेवढं तरी करता येतं.

आणि मग मुख्य गोष्ट. थोरल्या चंद्राचे महिने मोजत गेलं की ते सूर्याच्या वर्षाला पुरत नाहीत, पुढे पळतात. काही वर्षांत काजवेल महिना यायचा आणि वेलाला कळीसुद्धा नसायची. म्हणून मी आपल्यासारखाच एक जादा महिना घातला. फुलं मागून येतात, तोवर महिन्यांनी उभं राहायचं. त्याचं नाव ठेवलं थांबा. हे नाव सुचलं तेव्हा मी गॅलरीत एकटाच उभा राहून मांडीवर थाप मारली.

धाकटा चंद्र त्रास द्यायला लागला. त्याच्या फेऱ्या लवकर लवकर होतात आणि कशातच बसत नाहीत. मी त्याला थोरल्याच्या मागे बांधून टाकलं. वर्ष संपलं की त्याच्या उरलेल्या फेऱ्या सोडून द्यायच्या आणि नव्याने एकपासून मोजायला लागायचं. गोष्टीतला आजचा दिवस कुठे धरायचा, हा एक प्रश्न होता. तो मी थांबामध्ये धरला. बाहेर अधिक चालू होता, मग तिथे दुसरं काय असणार? ह्यात विचार करण्यासारखं काही आहे असं मला वाटलंच नाही.

जुन्या मोठ्या कॅलेंडरांची पानं पाठकोरी होती. ती खळीने जोडून त्यावर स्केचपेनाने मी सगळं मांडलं. अक्षर माझं मोठं आहे, दुकानाच्या पाटीसारखं. चांगलं दिसत होतं. फक्त एक कमी होतं. कॅलेंडरला वर पत्र्याची पट्टी असते, ज्यात दोरी ओवून आपण खिळ्याला टांगतो. पट्टीशिवाय कॅलेंडर म्हणजे नुसता कागद.

पट्टी कुठे लावून मिळते ते मला शोधायला नको होतं. माझा जुना दोस्त पेठेत राहतो. तीन पिढ्या पुण्यात असलेलं मुसलमान घर, आणि ह्या माणसाने जन्मभर एकच काम केलं, छापखान्यातून आलेल्या कॅलेंडरांना पत्र्याच्या पट्ट्या मारायचं. पायाने दाबायचं मशीन आहे. आता धंदा पुतणे बघतात, पण हा रोज जाऊन मशीनशेजारी बसतो. त्याच्या घरच्या लग्नांना फुलं माझी असायची आणि माझ्या गाळ्यावर कॅलेंडर त्याचं. मी त्याला भाई म्हणतो, तो मला फूलवाले म्हणतो. इतकी वर्षं झाली, दोघेही अजून अहो-जाहोतच भांडतो.

शुक्रवारी तो नमाजहून आला तेव्हा मी त्याच्या पायरीवर बसलेलो होतो.

"या फूलवाले. वाट चुकलात?"

"पट्टी लावायचीय."

"श्रावणात? कॅलेंडराचा सीझन दिवाळीपासून असतो. विसरलात?"

"हे पुढच्या वर्षाचं नाही. ह्या जगाचंच नाही."

त्याने चष्मा लावला. मी कागद मशीनवर पसरला, कोपऱ्यांवर पत्र्याचे तुकडे ठेवले आणि सगळं सांगितलं. पाच मिनिटांत तोही चढला. "दोन चंद्र! वा, माशाअल्ला! एकानेच आमची दरवर्षी गच्चीवर पळापळ होते, दिसला का नाही दिसला. ह्यांना दोन!" महिन्यांची नावं त्याने मोठ्याने वाचली. राखफूलवर थांबला, मान हलवली. मग बोट धाकट्या चंद्रावर आलं आणि तिथेच राहिलं.

"ह्याच्या शेवटच्या फेऱ्या कुठे गेल्या?"

"सोडून दिल्या. हिशोबात बसत नाहीत."

"सोडून दिल्या? तो वर आभाळात फिरतोय, आणि तुम्ही खाली कागदावर नाही म्हणताय?"

"मग काय करू? सगळे सण पळत सुटतील."

"सुटू द्या! अहो, माझा रमजान मी थंडीत धरलाय, पावसात धरलाय, मे महिन्यात ह्या मशीनसमोर घामाने निथळत धरलाय. एका जन्मात सगळ्या वर्षातून तो दोनदा फिरून आला. तुमची दिवाळी बिचारी थंडीच्या तोंडाशी उभी आहे, जागची हलत नाही."

"हलली तर फुलं कुठून आणू? पावसात शेवंती आणून देता का?"

"फुलांसाठी देव थांबतो का?"

"आमचा थांबतो! महिनाभर थांबतो! तोच तर अधिक!"

बोळातली दोन माणसं बघायला थांबली. भाईने कागदाची गुंडाळी करून माझ्या हातात दिली.

"पट्टी लावणार नाही."

"का?"

"अर्धं काम आहे. एक चंद्र मोजलाय, एक बांधून घातलाय. मी अर्ध्या कॅलेंडराला पत्रा मारत नाही."

"मग ठेवा तुमचा पत्रा तुमच्याजवळ!"

"अहो, चहा सांगितलाय!"

"तुमच्या धाकट्याला पाजा!"

शनिवारी दिवसभर मी घरात त्याला नावं ठेवली. सून म्हणाली, "बाबा, भांडण नेमकं कशावरून?" मी म्हणालो, "चंद्रावरून." तिने पुढे विचारलं नाही.

रविवार उजाडला. कपड्यांच्या चिमट्यांनी कॅलेंडर मी पडद्याला लटकवलं. पोरं आली आणि टेबलाकडे न जाता सरळ पडद्यासमोर उभी राहिली. फोटो काढायला लागली. नागपूरवाला झब्बा घालून आला होता, इस्त्रीचा. मागच्या रविवारी तो गोष्टीत त्या गावाच्या वेशीशी पोहोचला होता आणि आज त्याचं लग्न लागणार होतं, म्हणून. चष्मेवालीने पेढे आणले होते.

मी उभ्याने सगळं समजावलं. घसा कोरडा पडला तरी बसलो नाही. काजवेल महिन्यात दिवे का लावायचे नाहीत, मीठकळीत कोणती जत्रा, सोमवार का नाही. सोमवारावर तर टाळ्या पडल्या. नात माझ्याकडे बघत होती, आणि ती लहानपणी मोगऱ्याच्या टोपलीत डोकं घालायची तेव्हा जशी बघायची, तशी बघत होती.

"घ्यायचं?" ती म्हणाली. "हात वर."

वर झाले. एक, एक करत सगळे. मी मोजत होतो. शेवटचा नागपूरवाल्याचा, तोही निघालाच होता, अर्ध्यावर थांबला.

"आबाजी, आज कोणता महिना सुरू आहे तिथं?"

"थांबा."

"थांबामध्ये काय असते?"

"काही नसतं. देवाचं नाव घ्यायचं, वाट बघायची. लग्न, मुंज, वास्तू असलं काही करायचं नाही."

बोललो आणि मलाच ऐकू आलं. त्या झब्ब्याकडे माझं लक्ष गेलं. पेढ्यांच्या बॉक्सकडे गेलं.

"आज तर लग्न आहे नं माझं," तो हळू म्हणाला.

सगळे एकदम बोलायला लागले. नात म्हणाली, "आबा, एक महिना पुढे सरकव ना, सोप्पंय." मी म्हणालो, "पंचांग कोणाच्या लग्नासाठी सरकत नाही." चष्मेवाली म्हणाली, थांबामध्ये लग्न चालतं असं लिहू. मी म्हणालो, मग त्याला थांबा कशाला म्हणायचं, चला म्हणा. नागपूरवाला म्हणाला, "काढीव मुहूर्त तर आपल्याकडेही काढतात, आबाजी." मी म्हणालो, "माझ्याकडे काढीव-बिढीव काही नाही."

त्याने हात मांडीवर ठेवला. "मग माझाही नाही. एवढे राक्षस मारून आलो मी, आणि वेशीवर महिनाभर उभा राहू?"

एक हात खाली. म्हणजे गेलं. मला दिसत होतं की एक शब्द मागे घेतला तर सगळं मिळतंय, आणि तो शब्द माझ्या तोंडून निघत नव्हता. हा माझा स्वभाव आहे, त्याला मी दोष म्हणत नाही. पण त्या वेळी असं वाटत होतं की जणू दसऱ्याची सकाळ आहे, गाळा भरलेला आहे आणि एक गिऱ्हाईक नाही.

नातीने तेवढ्यात फोन लावला होता. मला न विचारता. स्पीकरवर टाकला.

"सलाम चाचा. आबाची नात."

"बोल बेटा. जिवंत आहेत ना ते? चहा न घेता गेले परवा."

"इथेच उभे आहेत."

"मग त्यांना म्हणावं, तोंड आहे."

"मी बोलणार नाही," मी म्हणालो.

"आवाज आला. चांगला खणखणीत आहे," भाई म्हणाला. "काय झालं बेटा?"

तिने सगळं सांगितलं. पलीकडे मशीनचा आवाज नाही, काही नाही, तो नीट ऐकत होता. मग त्याने विचारलं, "नवरी कुठली?"

"समुद्राकाठची," नागपूरवाला पुढे वाकून म्हणाला. "चाचा, लग्न होते का नाही तेवढं सांगा."

"त्या गावचे लोक होड्या कधी सोडतात?"

"भरतीला," नात म्हणाली.

"भरती कोण आणतो?"

तिने माझ्याकडे बघितलं. बसच्या दारातून तिने मला ते ओरडून सांगितलं होतं आणि मी पाऊस तेवढा घरी नेला होता.

"धाकटा," मी म्हणालो.

"हं. मग ते लोक ह्यांच्या फुलांवरून महिने मोजतील का बेटा? ते धाकट्यावर मोजणार. तो आपला आपला फिरतो. त्याच्यात ना अधिक ना थांबा. मी शुक्रवारीच म्हणालो होतो, सोडा त्याला, पण फूलवाल्यांना घाई होती."

सगळे माझ्याकडे बघायला लागले. आता पुढचं नीट ऐका, कारण हे मी बोललो, कोणी मला सुचवलं नाही.

"लग्न कोणाच्या दारात लागतंय?" मी नागपूरवाल्याला विचारलं.

"मुलीच्या."

"मग मुहूर्त मुलीकडचा. मांडव ज्याचा, पंचांग त्याचं. त्या गावात धाकट्याचे महिने चालतात, तिथे थांबा नाही. लाव लग्न." तो टाळी वाजवायला गेला, मी बोट वर केलं. "पण! वरात माघारी फिरून थोरल्याच्या हद्दीत आली की थांबा लागू. थांबा संपेपर्यंत गृहप्रवेश नाही. नवरीने उंबरा ओलांडायचा नाही."

"आणि मी?"

"तूही तिकडेच राहायचं. सासुरवाडीला."

"मंजूर!" तो उठूनच उभा राहिला. "जेवण चांगलं आहे तिथलं. आख्खा महिना राहतो!" आणि त्याचा हात वर गेला, एवढा वर की पंख्याला लागतो का काय असं वाटलं. मागोमाग सगळे. नातीने दोन्ही हात वर केले.

"ठरलं," ती म्हणाली. "दोन्ही कॅलेंडरं. कायमची."

मला वाटतं मी ओरडलो. सून पिठाच्या हातांनी बाहेर आली. चष्मेवालीने माझ्याच तोंडात पहिला पेढा घातला, नवरा बाजूलाच राहिला. गुडघे दुखतात म्हणून मी जमिनीवर बसायचं सोडलंय, त्या दिवशी पोरांबरोबर कधी खाली बसलो आणि कधी उठलो ते कळलं नाही.

फोन अजून चालूच होता. त्यातून आवाज आला, "अहो फूलवाले. म्हणजे नवरी माझ्या चंद्राची, नवरा तुमच्या चंद्राचा. आणि जावई अधिकात महिनाभर माझ्याकडे राहणार?"

"हो. झेपत नसेल तर सांगा."

"तुमच्यात अधिकात जावयाचा काय थाट असतो ते माहितीये मला. तुमच्या घरचे अनारसे उगाच नाही खाल्ले इतकी वर्षं. खर्चात टाकलंत मला. बरं, कागदावर जागा शिल्लक आहे का?"

"समास आहे. मोठा आहे."

"मग माझ्या चंद्राच्या तारखा मी माझ्या हाताने टाकतो. उद्या सकाळी या. चहा घ्यायची तयारी ठेवून या."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी धुतलेली टोपी घातली, कॅलेंडराची गुंडाळी काखेत मारली आणि निघालो. सून म्हणाली, "बाबा, भाईंकडे चाललात तर चार अनारसे न्या डब्यातून." मी म्हणालो, "वरपक्ष हात हलवत जातो, सूनबाई. देणं त्यांच्याकडे आहे." नातीला कोपऱ्यावर तिच्या बसमध्ये बसवलं आणि मी समोरच्या बाजूने पेठेची बस धरली. खिडकी मिळाली. गुंडाळी चुरगळू नये म्हणून उभी धरली होती, शेजारच्या बाईंनी विचारलं नकाशा आहे का, मी म्हणालो कॅलेंडर आहे. कुठल्या वर्षाचं, त्या म्हणाल्या. मी म्हणालो, कुठल्याही.

भाई बोळाच्या तोंडाशीच उभा होता. कडक इस्त्रीचा कुर्ता, अत्तर, हातात नानखटाईचा बॉक्स. मशीनवरचं फडकं काढून तेल घातलेलं होतं आणि पुतण्यांना लांब बसवलं होतं.

"या व्याही," तो म्हणाला. "उशीर केलात."

"आधी पट्टी," मी म्हणालो. "मानपान मागून."

त्याने समासात त्याच्या चंद्राच्या तारखा टाकल्या, हिरव्या पेनाने, सगळ्या फेऱ्या, एकही न सोडता. मी पाठीमागे उभा राहून एकदाही मधे बोललो नाही. मग त्याने कागदाची कड पत्र्यात सरकवली, सरळ केली आणि बाजूला झाला.

"दाबा," तो म्हणाला.

मी चप्पल काढली, मशीनवर पाय ठेवला आणि दाबलं.